देव दिसणार म्हणून नंदुरबारला

चैत्रात शहाद्याच्या बाजारी गेलो होतो, तेव्हा कापूस-आळीतून एक छकडा डफ वाजवत चालला होता. छकड्याला दोन्ही बाजूंनी मोठी चित्रं बांधलेली. देवळाचं उघडं दार आणि पायरीवर बसलेला एक म्हातारा गुरव. नंदुरबारला बोलपट लागला होता. आमच्याकडे तोवर आलेल्या प्रत्येक खेळात शेवटी देव प्रकट झाला होता. प्रकाशाचा लोळ उठायचा, शंख वाजायचा आणि माणसं हात जोडून उभी राहायची. हे तर देवळाचंच चित्र. यातही देव दिसणार, यात बाजारात कुणालाच शंका वाटली नाही. मलाही नाही.

ब्राह्मणपुरीला घरी येऊन मी हे यमुनेच्या आईला सांगितलं. यमुना आमची एकुलती एक लेक. गेल्या वर्षी आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या सणाला, माहेरी यायची म्हणून आम्ही वाट पाहत होतो, आणि सासरहून ती बाळंतपणात गेल्याचा निरोप आला. त्या दिवसापासून तिच्या आईनं देवघरात पाऊल टाकलेलं नाही. मी पूजा करतो, ती चुलीपाशी पाठ करून बसते. आम्ही त्यावर कधी बोललो नाही.

"खरंच दिसस का?" तिनं विचारलं.

"दिसस म्हनतस लोके."

"मंग मी बी येसू. माले त्याले एक गोट इचारनी शे."

कोणती, ते मी विचारलं नाही. आमच्या घरात तेव्हा एकच प्रश्न होता.

शेजारचे धनजी आप्पा स्वतःहून बैलगाडी घेऊन आले. त्यांनी नवी पगडी घातली होती आणि धोतराच्या सोग्यात एक सोललेला नारळ बांधला होता. पहाटे निघालो. शहाद्यापर्यंत रस्ता बरा आहे, पुढं लोणखेडा सोडलं की धुरळाच धुरळा. जाणाऱ्यांनी तोंडाला बांधायला फडकं जरूर न्यावं. तापीकाठच्या प्रकाशा गावी पोचेतो उन्हं कलली होती. तापीचं पाणी या दिवसांत आटलेलं असतं, वाळूत टरबुजांच्या वाड्या पसरलेल्या असतात. भाकरी, मिरचीचा ठेचा आणि वाडीवाल्यानं तिथंच फोडून दिलेलं टरबूज असं जेवून धर्मशाळेत मुक्काम केला. धर्मशाळेत जागा मोफत मिळते, पण पथारी आपली न्यावी.

सकाळी गाडी-बैल तिथंच सोडून नदी उतरलो. पल्याडच्या काठावरून नंदुरबारला सर्व्हिस मोटार जाते. लढाईमुळे पेट्रोल मिळत नाही, म्हणून तिच्या पाठीला कोळशाची भट्टी बसवली आहे. प्रत्येक चढाआधी ती थांबते.

"उतरा भो सम्दा! मोटारनी चिलम भरनी शे," ड्रायव्हर ओरडला.

"चिलम मोटार पेस, आनि धक्का देवाले आम्ही!" धनजी आप्पा म्हणाले, आणि सगळ्यांच्या आधी ढकलायला गेले. यमुनेची आई हसली. किती दिवसांनी, ते मला सांगता येणार नाही.

नंदुरबारला खेळ जिनिंगच्या रिकाम्या गोदामात होता. खिडक्यांना गोणपाट लावून दिवसाही अंधार केलेला, बाहेर तेलाचं इंजिन धडधडत होतं. लोक दारात जोडे काढून आत जात होते. तिकीटवाल्यानं आप्पांचा सोगा पाहिला.

"नारळ आत फोडायचा नाही. मागच्या खेपेला पडदा भिजला."

"मंग देव उना ते काय रिकामा हाते बसू?"

"नुसता हातात धरून बसा."

मध्ये दोरी बांधलेली होती. बायका त्या बाजूला, आम्ही या बाजूला. गोदामात राहिलेला कापसाचा भुगा प्रकाशाच्या झोतात तरंगत होता.

खेळ सुरू झाला. दुष्काळी गाव. माणसं एकेक करून गाव सोडतात, गुरव तेवढा मागं राहतो. रोज देवाला आंघोळ घालतो. मग विहीर आटते, तेव्हा नुसतं ओलं फडकं फिरवतो. गाणं नाही, शंख नाही. रहाटाचा आवाज आणि त्या म्हाताऱ्याचा चेहरा. चेहराच इतका वेळ, की माणसं चुळबुळ करू लागली.

"देव कव्हय येस रे?" कुणीतरी ओरडलं.

"वाटमा मोटार बंद पडनी व्हई!" दुसऱ्यानं उत्तर दिलं. हशा झाला. मला लाज वाटली आणि भीतीही. मी तिला आशा लावून इतक्या लांब आणलं होतं.

शेवटी गुरवही गाव सोडतो. शिवेपर्यंत जातो आणि परत फिरतो. अंधाऱ्या गाभाऱ्याचं दार उघडतं, आणि उजेडात तो दिसतो, समोरून. चित्र घेणाऱ्यानं आपलं यंत्र देवाच्याच जागी मांडलं असावं. देव दिसतच नव्हता, कारण देवाच्या जागी आम्ही बसलो होतो. तो म्हातारा सरळ आमच्याकडे पाहत होता. हात जोडलेले नव्हते.

"आहेस का?" त्यानं विचारलं.

तो पाहतच राहिला. मग दोरीपलीकडून, बायकांतून, एक आवाज आला.

"शे रे बाबा, शे. आठेच शे."

आहे, इथंच आहे म्हणणारा तो आवाज यमुनेच्या आईचा होता.

त्यावर कुणी हसलं नाही. खेळ तिथंच संपला. देव आलाच नाही.

परतीच्या वाटेवर आप्पा कुरकुरत होते, "देव बी नही, आनि नारय बी परत." प्रकाशाला संगमावरच्या देवळात त्यांनी तो फोडला आणि आम्हाला खोबरं दिलं. तिनं ते खाल्लं. मी धीर करून म्हणालो, "तुन्ही गोट ते ऱ्हाई गयी."

ती पाण्याकडे पाहत म्हणाली, "तो म्हाताराच माले इचारी ऱ्हायंता. मी काय इचारू?"

असा खेळ तुमच्या बाजूला आला तर जरूर जा. पाण्याचा तांब्या न्या, नारळ नेऊ नका. देव पाहायला जाणार असाल तर मात्र आधीच सांगतो, तो दिसत नाही.

आम्हाला परत येऊन आता बरेच दिवस झाले. आखाजी आली आणि गेली. ती अजून देवघरात येत नाही. एवढंच, की मी पूजेला बसलो की चुलीपाशी ती पाठ करून बसत नाही. परवा मी गंध उगाळत होतो, तेव्हा तिनं तिथूनच विचारलं,

"मी बोलनू ते ऐकू गयं व्हई का त्याले?"

पडद्यावरच्या माणसाला ऐकू येत नसतं, हे मला माहीत आहे. तिलाही माहीत असेल. पण ते सांगायला माझी जीभ रेटली नाही. समोर माझा देव होता, आणि इतकी वर्षं रोज सकाळी मीही त्याच्याशी बोलतोच आहे.

"गयं व्हई," मी म्हणालो.