चौथ्या प्रकरणातली आत्या

मुद्रितशोधकाला बाई माहीत होत्या, असं म्हणायची काही सोय नाही. सात वर्षांची ओळख. पण त्यांना भावंडं किती, चहात साखर किती लागते, एकट्या का राहतात, यातलं त्याला काही ठाऊक नव्हतं. ठाऊक होत्या त्या टाचण्या. बाई बंगाली कादंबऱ्या इंग्रजीत आणायच्या आणि शंका आली की समासात न लिहिता चिठ्ठी लिहून ती टाचणीने कागदाला लावायच्या. त्यांचं काम हाती घेतलं की दर दहा पानांमागे एकदा तरी मुद्रितशोधकाच्या बोटातून रक्त निघे. प्रकाशकाच्या ऑफिसात सगळे त्यांना टाचणीबाई म्हणत. अर्थात, तोंडावर नाही.

तो स्वतः चाळीस वर्षं मुद्रितं तपासत आला होता आणि एवढ्या वर्षांत त्याने एकही गोष्ट वाचली नव्हती. गोष्टीत शिरलं की चुका निसटतात, असं त्याला सुरुवातीलाच शिकवलं होतं. त्यामुळे तो अक्षरं बघायचा. लग्नं, खून, ताटातुटी, सगळं त्याच्या डोळ्यांखालून एकाच चेहऱ्याने गेलं होतं. इंग्रजी त्याला चांगलं येई. बंगालीचं अक्षरही येत नसे.

मग बाईंची ती मोठी कादंबरी आली. सहा वर्षं त्या तिच्यात बुडालेल्या. मूळ लेखक ऐंशीच्या पुढचे आणि जमदग्नीचा अवतार. आधीच्या दोन अनुवादकांकडून त्यांनी पुस्तक काढून घेतलं होतं. एकाने हिरवा पडदा निळा केला म्हणून, दुसऱ्याने बकरीचा एक परिच्छेद गाळला म्हणून. बाईंना परवानगी देताना त्यांनी लिहिलं होतं, "स्वल्पविरामही इकडचा तिकडे होता कामा नये."

चौथ्या प्रकरणात नायकाची आत्या मरते. सगळ्यांना टोमणे मारणारी, उशीच्या अभ्र्यात बिस्किटं लपवणारी आत्या. का कोण जाणे, मुद्रितशोधक अक्षरं बघता बघता घसरला आणि गोष्टीत पडला. जेवणाच्या टेबलावर बसून ढसाढसा रडला.

बायको धावत आली. "अहो, काय झालं? कोण गेलं?"

"आत्या."

"कुणाची?"

"पुस्तकातली."

बायकोने त्याच्याकडे नीट पाहून घेतलं. "माझे वडील गेले तेव्हा तुम्ही आधी दाढी पुरी केलीत," ती म्हणाली आणि आत गेली.

आणि एकोणिसाव्या प्रकरणात, मागच्या दाराच्या पायरीवर, आत्या मटार सोलत बसलेली!

त्याला आधी आनंदच झाला. मग अंगावर काटा आला. त्याने चौथं प्रकरण पुन्हा काढलं. मेली होती, चांगली खात्रीशीर मेली होती. तो तडक बाईंकडे गेला. तिसऱ्या मजल्यावर दोन खोल्या. दार वाऱ्याने आपटू नये म्हणून खाली शब्दकोश लावलेला.

"बाई, आत्या गेली ना?"

"चौथ्यात. हो. फार सुंदर जाते."

"मग एकोणिसाव्यात मटार कोण सोलतंय?"

बाईंनी मुद्रित पाहिलं, मूळ पुस्तक पाहिलं, पुन्हा मुद्रित पाहिलं आणि त्या मटकन खाली बसल्या. "सहा वर्षं काढली हो मी हिच्यासोबत. ही मेलेली आहे असं कधी वाटलंच नाही मला."

"पण चूक मुळातलीच आहे ना? तुमचा काय दोष?"

"मुळातली चूक कुणाला दिसते? इंग्रजीत वाचणारा म्हणणार, या बाईंना बंगाली येत नाही. आणि लेखकाला विचारावं, तर ते पुस्तकच काढून घेणार. पडद्यापायी काढून घेतलंय त्यांनी. ही तर अख्खी आत्या!"

त्याला अगदी अपराध्यासारखं झालं. "मी पाहिलंच नाही असं समजू या."

"पण पाहिलंत ना! प्रकाशकाने पाहिलं नाही, मी पाहिलं नाही. तुम्हीच कसं पाहिलंत?"

मग त्याला रडल्याचं सांगावं लागलं. सांगताना त्याने सगळा वेळ दाराखालच्या शब्दकोशाकडे पाहिलं. बाई उठल्या आणि त्यांनी थेट लेखकांना फोन लावला.

बोलणं बंगालीत. त्याला कळलं ते एवढंच, की बाई लेखकांना "दादा" म्हणतात. मग तिकडून एवढा मोठा आवाज आला की बाईंनी फोन कानापासून लांब धरला. सहा वर्षं गेली पाण्यात, असं त्याच्या मनात येतंय तोच बाई हसायला लागल्या. डोळे पुसत हसत राहिल्या.

"काय म्हणाले?"

"म्हणाले, कादंबरी साप्ताहिकात येत होती, त्या आठवड्यात माझं सख्ख्या आत्याशी भांडण झालं होतं, म्हणून मारली. पुढे भांडण मिटलं."

"आणि मग?"

"मग विचारलं, एकतीस वर्षांत कुणाला दिसलं नाही ते कुणाला दिसलं? मी म्हटलं, आमच्या मुद्रितशोधकांना. बंगाली येत नाही, पण आत्या गेली तेव्हा रडले. मग म्हणाले, तो रडलाय, तेव्हा आता तिला उठवायचं नाही. मटार घरातल्या सुनेला सोलू दे."

"नवी वाक्यं सांगितली त्यांनी?"

बाईंचं हसू मावळलं. "म्हणाले, तूच लिही. मला आता त्या पुस्तकातल्या माणसांचे आवाज ऐकू येत नाहीत."

चार ओळींचं काम. बाईंना नऊ दिवस लागले. जन्मभर दुसऱ्याच्या वाक्यामागून चालत आलेलं माणूस. पुढे कुणी नाही म्हटल्यावर पाऊलच उचलेना. शेवटी कागद आला. सून एकटी मटार सोलते, सवयीने दुसरं भांडं शेजारच्या रिकाम्या पायरीवर ठेवते आणि टोमणा मारायला कुणी नाही म्हणून स्वतःलाच एक मारून घेते. कागदाला चिठ्ठी लावलेली होती: "बरं आहे का?" चिठ्ठीला टाचण्या दोन.

पुस्तक निघालं. एका मोठ्या वर्तमानपत्रात परीक्षण आलं. मूळ लेखकाची प्रतिभा अनुवादातही कशी जशीच्या तशी उतरली आहे, हे दाखवायला परीक्षकाने पुस्तकातला एकच उतारा दिला होता. त्याच चार ओळी.

मुद्रितशोधकाने ते बाईंना फोनवर वाचून दाखवलं. पुढच्या महिन्यात बाई गेल्या. त्यांच्याशी त्याचं शेवटचं बोलणं ते.

उतारा वाचून संपला तशी त्याने फोनवर हाक मारली.

"बाई? आहात ना?"

"आहे, आहे. पुन्हा वाचा बघू."

त्याने पुन्हा वाचलं.

"दादांना सांगू नका हं."

"छे, छे."

"आणि माझ्या टाचण्या परत पाठवा. दर वेळी ठेवून घेता तुम्ही."

"उद्याच पाठवतो," तो म्हणाला.