दौलतच्या कॅसेटमधलं गाव

इचोड्याच्या मोटर स्टँडसमोर दौलतचं व्हिडिओचं दुकान होतं. लग्नं, बारशी, क्वचित एखाद्या पुढाऱ्याची सभा, असल्या कॅसेट तो काढायचा. थोरली बहीण मनकर्णा पूर्वेकडे कोळशाच्या पट्ट्यात दिलेली. एकदा तिच्याकडे गेला, तर शिवारात लाल झेंड्या रोवलेल्या दिसल्या. जमिनीखाली कोळसा आहे, उघडी खाण होणार, गाव उठणार, एवढंच लोकांना ठाऊक होतं.

गावावरून विजेच्या जाड तारा शहराकडे जात होत्या आणि गावात दिवे रॉकेलचे. दौलतला ते खुपत राहिलं. ब्याण्णवच्या उन्हाळ्यात त्यानं रेडिओवर ऐकलं की कोळशाच्या धुरानं सगळ्या जगाची हवा तापत चालली आहे आणि त्यावर बोलायला देशोदेशीची माणसं जमली आहेत. हे सगळं एका फिल्ममध्ये आणायचं, असं त्यानं मनाशी घेतलं.

लग्नसराई सोडून तो बहिणीकडे राहू लागला. बॅटऱ्या चार्ज करायला आसिफाबाद गाठावं लागे. विहिरी, खळी, विहार, बायकांचं आणि म्हाताऱ्या डोमाजीचं बोलणं, सगळं त्यानं टिपलं.

"हे पाहून खाण थांबंल काय रे?" मनकर्णानं विचारलं.

"मोठ्या लोकायले दाखवतो न बाई."

हैदराबादला खाण खात्याच्या एका अधिकाऱ्यानं अर्धी कॅसेट शांतपणे पाहिली, चहा पाजला आणि हिंदीत विचारलं, "देश को बिजली चाहिए कि नहीं?"

"चाहिए," दौलत म्हणाला. त्यापुढचं बोलणं त्याला परतीच्या बसमध्ये रस्ताभर सुचत राहिलं.

पुढच्या वर्षी गाव उठलं. दौलत शूटिंग करत होता तेव्हा मनकर्णा स्वतःच्या घराचं छप्पर उतरवत होती. "कॅमेरा ठेव अन् हे आढं धर," ती म्हणाली. त्यानं धरलं. त्यामुळे तिचं घर मोडतानाचं चित्र फिल्ममध्ये नाही.

नवी वस्ती उघड्या माळावर बसली. पत्र्याची घरं, झाड एक नाही. पहिल्याच उन्हाळ्यात म्हातारा डोमाजी तिथं वारला.

मग माणसं दौलतच्या दुकानात येऊ लागली. खाण थांबवायला काढलेली फिल्म त्यांना फक्त गाव पाहायला हवी होती. कोणी आपलं दार बघे, कोणी बैल. दौलत कोणाला नाही म्हणू शकला नाही. कॅसेट झिजत गेली. त्यानं नक्कल काढली, ती मुळापेक्षाही फिकट निघाली.

एका दुपारी डोमाजीची बायको कौशल्याबाई आली. पडद्यावर तिचा नवरा आटलेल्या नाल्यात उभा राहून बोलत होता. चित्रावर पांढऱ्या रेघा उतरत होत्या.

"पाऊस पडून राह्यला काय तिथं?"

"नाही आजी. कॅसेट झिजली."

ती पडद्याजवळ सरकली. "आणखी एक डाव लाव," म्हणाली.

पुन्हा लावली की आणखी झिजणार, हे दौलतला कळत होतं. त्यानं लावली.