वडगावातलं कोल्हापूर

माझ्या एका मित्राच्या लेखाखाली 'कोल्हापूर, महाराष्ट्र' असं छापून आलेलं मी पाहिलं, त्या सकाळी माझा चहा कपातच गार झाला. माझ्या लेखाखाली 'बंगळुरू, कर्नाटक' होतं. तो राहतो बेळगावच्या वडगावात आणि मी येळ्ळूरला. स्कूटीवरून गेलं तर आमच्या दोघांच्या घरांत पंधरा मिनिटांचं अंतर.

पुण्याहून चालणारं एक मराठी संकेतस्थळ होतं. नव्या लेखकांनी लेख पाठवायचे आणि ते जिल्ह्याजिल्ह्याच्या पानांवर लागायचे. कोणतं पान, हे लेखकाला कुणी विचारत नसे. लेख चढवताना तुम्ही कुठे बसला आहात ते यंत्रच ओळखायचं आणि तुमची रवानगी करायचं. सगळे जिल्हे संपले की तळाशी एक पान होतं, 'इतर राज्ये'. मी तिथे होते. इंदूरच्या एका काकू, बडोद्याचे निवृत्त मास्तर आणि मी. त्यातच संकेतस्थळाने जाहीर केलं, की प्रत्येक जिल्ह्याच्या पानावरून एका लेखकाला दर आठवड्याचं सदर मिळेल. 'इतर राज्ये'ला सदर नव्हतं.

मला ते सदर हवं होतं. लाज वाटण्याइतकं हवं होतं.

माझं बालपण पत्रकांवर झालं. सीमाभाग महाराष्ट्रात जावा म्हणून आमचे आप्पा आयुष्यभर पत्रकं वाटत आले. उरलेल्या गठ्ठ्यातल्या कागदांनी माझ्या वह्यांना कव्हरं घातली जात. मी अक्षरं गिरवली ती पत्रकांच्या कोऱ्या पाठीवर. शाळेत 'माझी आई' हा निबंध मी 'जाहीर निषेध' असं लिहून संपवला होता, कारण लिखाण तसंच संपतं अशी माझी समजूत होती. त्यामुळे 'बंगळुरू' हा शब्द माझ्या नावाखाली येणं हा माझ्यासाठी नुसता तांत्रिक बिघाड नव्हता.

आणि तो? तो माझा कॉलेजातला मित्र. घरात चार यंत्रमाग, साड्या विणायचं काम. सीमाप्रश्न काढला की म्हणायचा, "आक्का, तुमचं भाषण झालं की सांगा, मला मागाच्या कांड्या भरायच्या हायत." मी त्याच्याहून दोन महिन्यांनी लहान आहे, पण चिडवायला तो मला आक्काच म्हणतो. मोर्चाला एकदाही आला नाही. अशा माणसाला घरबसल्या महाराष्ट्र मिळाला होता. मागत कोण होतं, आणि मिळालं कुणाला!

मी आप्पांना सांगितलं. त्यांनी चष्मा लावून मोबाइलवरचं 'बंगळुरू' दोनदा वाचलं आणि म्हणाले, "निवेदन द्यायचं."

"कुणाला द्यायचं आप्पा?"

"ज्यानं केलंय त्येला."

कुणी केलंय ते आम्हाला कळत नव्हतं, म्हणून ज्या कंपनीचं सिम होतं तिच्या शहरातल्या दुकानात गेलो. मी मजकूर लिहिला होता: येळ्ळूर गावास परस्पर बंगळुरू दाखवून तमाम मराठी भाषकांच्या भावना दुखावल्याबद्दल वगैरे. काउंटरवरच्या मुलीने तो शांतपणे वाचला. तिची भाषा कन्नड, पण आमच्याशी मराठीत बोलत होती.

"मॅडम, हे इथनं होत न्हाई. आमी फकस्त सिम देतो."

"ते असू दे," आप्पा म्हणाले. "पोच दे."

पोच घेतल्याशिवाय आप्पा कुठल्याच कचेरीतून बाहेर पडत नाहीत. घरी पोच मिळालेल्या निवेदनांची एक पत्र्याची पेटी आहे. उत्तरं आलेल्यांची पेटी लागली नाही. त्या मुलीने ड्रॉवर उपसला. तिच्याकडे एकच शिक्का होता, नव्या सिमच्या अर्जावर मारायचा. तिने तो मारला. आमच्या जाहीर निषेधाखाली जांभळ्या शाईत उमटलं: 'ॲक्टिव्हेटेड'. आप्पांनी कागदाची घडी घालून खिशात ठेवली आणि समाधानाने म्हणाले, "बघू आता."

पुढच्या आठवड्यात माझ्या लेखाखाली 'हैदराबाद, तेलंगणा' आलं.

तोवर त्याचे तीन लेख कोल्हापूरच्या पानावर लागले होते. लोक खाली लिहायचे, 'आपल्या जिल्ह्यातलं पोरगं', 'कोल्हापूरची माती बोलते'. कोल्हापूरची माती! हा कोल्हापूरला वर्षातून दोनदा जातो, तेही इचलकरंजीला दिलेल्या बहिणीकडे. मी प्रत्येक प्रतिक्रिया वाचायचे आणि मोजायचे. त्याचा लेख मात्र दोन ओळींच्या पुढे वाचायचे नाही. लेख चांगला निघाला असता तर माझी पंचाईत झाली असती.

शेवटी एका रविवारी मी त्याच्या घरी गेले. निमित्त केलं, आमच्याकडे नेट चालत नाही. ते खोटंही नव्हतं. येळ्ळूरला आमच्या गल्लीत केबल आलेली नाही, मी फोनच्या नेटवर लॅपटॉप चालवते. त्याच्या घरात शिरलं की आधी मागांचा खडखडाट लागतो, मग बोलायचं तर ओरडून. त्याची आई मागापाशी तुटलेला धागा जोडत होती. तिने मानेनेच बसायला सांगितलं. मागच्या खोलीत खिडकीत नेटची पेटी होती, दोन शिंगांची, पांढरी, बाजूने पिवळी पडलेली.

मी माझा लॅपटॉप तिला जोडला, सीमाभागावरचा माझा सगळ्यात धारदार लेख चढवला आणि श्वास रोखून पाहत राहिले. 'कोल्हापूर, महाराष्ट्र'.

खरं सांगते, डोळ्यांत पाणी आलं.

ते सुख दुपारपर्यंत टिकलं. दुपारी पहिली प्रतिक्रिया आली: 'कोल्हापुरात बसून सीमाभागाचं दुःख सांगायला काय जातं? बाईंनी आधी बेळगावात येऊन राहून दाखवावं.' तिला चौदा जणांनी दुजोरा दिला. दुजोरा देणाऱ्यांत माझ्याच गावातले दोघे होते. मी उत्तर लिहायला घेतलं, की मी येळ्ळूरचीच आहे हो. मग लक्षात आलं, तसं लिहिलं तर कोल्हापूरच्या पानावरून जावं लागेल. लिहिलेलं पुसून टाकलं. तत्त्वासाठी आप्पांनी लाठ्या खाल्ल्या आणि मी एका सदरासाठी आपलं गाव गिळलं. त्याच पानावर, माझ्या वर, त्याच्या लेखाखाली लोक त्याला शाबासकी देत होते.

त्याच आठवड्यात सदर त्याला जाहीर झालं.

त्यानंतरच्या रविवारी मी गेले तेव्हा रस्ता खणताना त्यांची केबल तुटली होती आणि केबलवाले अण्णा जोडायला आले होते. मी त्यांना विचारलं, इथे कोल्हापूर का दाखवतं? त्यांनी पेटी उलटी करून पाहिली.

"ही पेटी कुठली?"

"बहिणीची," मित्र म्हणाला. "इचलकरंजीची. तिनं नवीन घेतली, जुनी मला दिली."

"मग! नोड्री, बघा, सोपं आहे. ह्या पेटीला एक नंबर असतो. नकाशावाल्या कंपन्या तो नंबर लिहून ठेवतात, अमकी पेटी अमक्या जागी. पेटी इचलकरंजीला होती, त्यांच्या वहीत तसंच आहे. तुमचा लॅपटॉप आकाशातला उपग्रह वगैरे काय बघत नाही. तो जवळची पेटी बघतो आणि वहीत शोधतो."

"आणि मला बंगळुरू का?" मी विचारलं.

"तुमच्या फोनचं नेट कंपनीच्या मोठ्या दारातनं भाएर पडतं. ते दार बेंगळूरला. कधी गर्दी झाली तर हैदराबादचं. साइटला दार दिसतं, तुमचं घर दिसत नाही."

म्हणजे कुणाचा कट नव्हता. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच असा अन्याय झाला होता, ज्याचा करणारा कुणी नव्हता. निवेदन द्यायला पत्ता नव्हता. मला ते जास्तच झोंबलं.

"मग हे असंच राहणार?" मी पेटीकडे बोट दाखवून विचारलं.

"नाही राहत. लोकेशन चालू असलेला फोन जवळ आला, की फोन सांगतो, मी इथं आहे आणि ही पेटी माझ्याजवळ आहे. चार-सहा वेळा तसं झालं की वही दुरुस्त होते."

"माझ्या फोनचं बंदच असतंय," मित्र म्हणाला. "बॅटरी खातंय. आईबाबांकडं तर बटणवाले फोन."

अण्णा हसले. "मग कोल्हापुरातच रहा."

माझ्याही फोनचं लोकेशन बंद होतं. पाळत ठेवणाऱ्यांना आपला ठावठिकाणा देऊ नये, हे मी एका पत्रकात स्वतः लिहिलेलं आहे. तिथेच बसून, तो अण्णांना चहा आणायला आत गेलेला असताना, मी ते चालू केलं.

नंतरचे पाच रविवार मी नेमाने गेले. त्याच्या वायफायला फोन जोडायचा आणि पेटीजवळच्या खिडकीत, जिथून मोकळं आभाळ दिसतं, तिथे तो ठेवायचा. नकाशा उघडा ठेवायचा. निळा ठिपका वडगावात त्याच्या घरावर थरथरत बसलेला पाहायचा. त्याची आई दर वेळी काही ना काही खायला आणून द्यायची. एकदा थालीपीठ होतं, वर लोणी. मी खाल्लं. तो समोर बसून सदराचे लेख लिहायचा आणि मधूनच विचारायचा, "आक्का, ह्ये वाक्य बरं वाटतंय का?" मी म्हणायचे, "ठीक आहे."

सहाव्या आठवड्यात त्याचा लेख 'इतर राज्ये'च्या पानावर आला. खाली 'बेळगाव, कर्नाटक'. दोन दिवसांनी पुण्याहून त्याला निरोप आला, की सदर जिल्ह्यातल्या लेखकांसाठीच असल्याने दिलगीर आहोत.

त्याने मला फोन केला. वाटलं होतं हसेल, म्हणेल गेलं तर गेलं. तो हसला नाही. "आई दर आठवड्याला बहिणीला फोन लावून माझा लेख वाचून घ्यायची गं," तो म्हणाला. "बहिणीच्या सासरी पहिल्यांदाच कुणी इचारलं, तुझा भाऊ काय करतो म्हणून. आता आईला काय सांगू?"

मी स्कूटी काढली. माणसाने केलेल्या गोष्टीखाली आपलं नाव लिहावं, निनावी पत्रक काढू नये, एवढं तरी मला घरात शिकवलं होतं. पाच रविवार मी काय केलं ते त्याला दारातच सांगितलं. माग चालू होते, त्यामुळे ओरडून सांगावं लागलं. त्याच्या आईने हात थांबवला नाही, पण तिला ऐकू गेलं असणार.

तो मला आत घेऊन गेला. "म्हंजे तू माझ्या घरात बसून, माझ्या आईचं थालीपीठ खात माझं गाव बदललंस?"

"बदललं नाही. दुरुस्त केलं. खोटं होतं ते."

"बरं. दुरुस्त केलंस." तो पेटीकडे वळला. "मग एक काम कर. तुझ्या पुढच्या पत्रकात लिव्ह. वडगावातलं एक घर महाराष्ट्रात गेलतं, ते मी पाच रविवार खपून परत कर्नाटकात आणलं. खाली सही कर. आप्पांना दे वाटायला."

आप्पा ज्याच्यासाठी जन्मभर उन्हात उभे राहिले, ते चुकून का होईना एका घराला मिळालं होतं. ते घर माझं नव्हतं, एवढ्यासाठी मी ते काढून घेतलं.

मी म्हणाले, "पुण्याला पत्र लिहिते. सगळं खरं लिहिते. लेखकाचं गाव लेखकाला विचारा म्हणते. सदर तुलाच द्या म्हणते."

"लिव्ह," तो म्हणाला. "पर निषेध नको. इनंती कर."

तिथेच बसून लिहिलं. आयुष्यातली पहिली विनंती. अवघड गेलं. त्याचं लिखाण का चांगलं आहे हे एका परिच्छेदात सांगायचं, तर आधी ते वाचायला हवं होतं. मी त्याच्यासमोर बसून त्याचे सगळे लेख पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचले. धागा तुटला की माग थांबवून दोन टोकं शोधणारी त्याची आई, ताण्याच्या उभ्या धाग्यांवर सरावलेली तिची बोटं, गाठ इतकी बारीक की साडी नेसणारीला कधी कळणार नाही. एकाही लेखात कोल्हापूर नव्हतं. वडगावच होतं, ओळीओळीत. ती माती कोल्हापूरची वाटणाऱ्यांना तरी काय बोलणार, मी तर तेवढंही वाचलं नव्हतं.

पत्र गेलं. उत्तर अजून आलेलं नाही. तो लिहितो आहे, 'इतर राज्ये'च्या पानावरच. कोल्हापूरच्या पानावरचे बरेच वाचक त्याला शोधत तळापर्यंत आले. इंदूरच्या काकू त्याला 'बाळा' म्हणतात. त्याची आई अजून दर आठवड्याला बहिणीला फोन लावते.

माझे लेख त्याच पानावर त्याच्या खाली असतात. आमच्या दोघांच्या नावांखाली आता एकच ओळ येते, कारण मी अजूनही रविवारी त्याच्याच पेटीवरून लेख चढवते. त्याच्या प्रतिक्रिया मी अजून मोजते. काल त्याच्या मागच्या खोलीत बसून मोजल्या तेव्हा एकतीस होत्या. माझ्या चार. मी लॅपटॉप मिटला, बाहेर जाऊन त्याच्या आईला विचारलं, गाठ कशी मारतात ते मला दाखवाल का, आणि तिने मागाशेजारी मला थोडी जागा करून दिली.