एक नग आंखेल

आमच्या डिस्पॅच सेक्शनातून माल रोज बाहेर जायचा, किस्से मात्र तिथेच पडून राहायचे. भिलाईच्या स्टील प्लांटात काम केलेल्या माणसाला विचारा. दहा जण एका खोलीत वीस-पंचवीस वर्षं बसले, की कोणाचं काय झालं हे विसरायची सोयच उरत नाही. त्यातही एखाद्याच्या नावावर जरा जास्तच जमा होतात. आमच्याकडे ते मनोहर गावंडेच्या नावावर जमले. खरं सांगायचं तर त्याच्या पोराच्या नावावर!

गावंडे मूळचा अमरावतीकडचा, माझ्यासारखाच क्लार्क. आमचं दोघांचं काम म्हणजे अँगल, चॅनल, बीम या लोखंडी मालाचे कागद करणं. अँगल म्हणजे लोखंडाची काटकोनी पट्टी, तुमच्या घरच्या खिडकीला, शेडला लागते ना, तीच. दिवसातून दोनशेदा तो शब्द लिहायचो. स्वप्नात बायकोनं हाक मारली तरी आम्ही विचारायचो, “कोणता साइज?”

* * *

एकदा एक मशीन बसवायला स्पेनहून एक इंजिनियर आला, चार महिन्यांसाठी. रशियन साहेब आम्ही ढिगानं पाहिले होते, स्पेनचा हा पहिलाच. त्याचं नाव होतं आंखेल. लिहायचं ए-एन-जी-ई-एल, आणि म्हणायचं आंखेल. म्हणजे इंग्रजीतला एंजल, देवदूत.

त्याचे कागद करायचं काम गावंडेकडे आलं. पहिल्याच दिवशी माणसांच्या गेटपासचे फॉर्म संपलेले. गावंडे हुशार! त्यानं मालाच्या गेटपासवर लिहून दिलं. मालाचं नाव: एंजल. संख्या: एक नग.

गेटवरच्या शिपायानं पास वाचला, एकदा बाहेर पाहिलं, एकदा आत पाहिलं.

“अँगल एक नग. माल किधर है?”

“ये क्या, सामने खड़ा है!” गावंडे म्हणाला.

शिपायानं त्या गोऱ्या, सहा फुटी माणसाला डोक्यापासून पायापर्यंत न्याहाळलं आणि पास परत केला. “वजन नहीं लिखा है. बिना वजन के अंदर नहीं जाएगा.”

गावंडेनं वजन लिहिलं. अंदाजे पंच्याऐंशी किलो. तेव्हा कुठे पाहुणा आत गेला!

* * *

पण त्या दोघांची दोस्ती जमली बुवा. संध्याकाळी सुपेल्याच्या बाजारात चहाच्या टपरीवर दोघे बसलेले दिसायचे. एकाचं इंग्रजी अर्धं, दुसऱ्याचं पाव. एकदा मीही होतो. गावंडेनं त्याला नावाचा अर्थ विचारला. तो म्हणाला, हा शब्द फार जुना, मूळचा ग्रीक. अर्थ निरोप्या, दूत. देवाचा निरोप माणसाकडे घेऊन येतो तो. त्यांच्या घरात थोरल्या पोराला हेच नाव. आजोबा आंखेल, बाप आंखेल, हा आंखेल.

“मग घरात आंखेल म्हणून हाक मारली तर येतं कोण?” मी विचारलं.

“ज्याला भूक लागली असेल तो,” तो म्हणाला.

आम्ही हसलो. गावंडे हसला नाही. तो एकटक त्याच्याकडे पाहत होता. नंतर परत येताना सायकल हातात धरून मला म्हणाला, “पाहिलं का? त्यानं मले सेन्योर मनोहर म्हटलं. बारा वर्षं झाली लेका मले इथं. एकानं तरी मनोहर म्हटलं का कधी? गावंडे, फाइल आन. गावंडे, पंखा लाव. मनोहर कुठं गेला मंग?”

त्याला मनोहर मीही कधी म्हटलं नव्हतं.

* * *

स्पेनचा पाहुणा गेला आणि सहा महिन्यांनी गावंडेकडे मुलगा झाला. बारशाला आम्ही सगळे त्याच्या सेक्टर सहाच्या क्वार्टरमध्ये. कुसुमवहिनींनी, म्हणजे त्याच्या बायकोनं, प्रशांत हे नाव मनात धरलं होतं. गावंडेनं आपल्या मनातलं नाव फक्त बहिणीच्या कानात सांगून ठेवलं, बाकी कोणाला पत्ता लागू दिला नाही. आत्या पाळण्यावर वाकली, पोराच्या कानात कुर्रर्र केलं आणि तशीच मान वर करून म्हणाली, “काय म्हनलं होतं रे दादा?”

“आंखेल!”

गावंडेची आई मोर्शीहून आली होती. ती म्हणाली, “आखेल? काय आखेल बापा?”

“आज आखेल, उद्या खोडेल!” मी म्हणालो. माझा स्वभावच तसा, काय करता. बायका पदर तोंडाला लावून हसल्या. गावंडे मात्र उभा राहिला आणि भाषणच सुरू केलं. आंखेल म्हणजे दूत. दूत म्हणजे कोण? रामाचा दूत. म्हणजे शेवटी नाव आपलंच, फक्त स्पेनवरून आलं!

वहिनी पाळण्याची दोरी धरून होत्या. तिथूनच म्हणाल्या, “मंग सरळ मारुती ठेवा ना!”

“मारुती कसं ठेवू? लोक गाडी समजतीन!”

मारुती गाडी तेव्हा नुकतीच निघाली होती. आख्ख्या सेक्टरात एकच, तीही डॉक्टरकडे. त्यामुळे युक्तिवाद कोणाला खोडता आला नाही. वहिनींनी मात्र त्या दिवसापासून पोराला पिंटू म्हणायला सुरुवात केली. आंखेल हा शब्द त्यांच्या तोंडून एकदाही निघाला नाही. आणि निघणार नाही, असं त्यांनी शेजारणींना सांगूनही टाकलं!

* * *

ऑफिसात पेढे वाटले. आमचे हेडक्लार्क दुबेजी बारशाला आले नव्हते, ते चष्मा कपाळावर सरकवून म्हणाले, “एंजल? बधाई हो, लक्ष्मी आई है!” गावंडे काही बोलायच्या आत ते फोनवर. दुसऱ्या दिवशी त्यांनीच सेक्शनतर्फे भेट आणली. गुलाबी फ्रॉक, झालरीची!

गावंडेनं तो परत केला नाही. “दूताले काय, कोनताबी चालते,” म्हणाला. पोराचा पहिला फोटो त्या फ्रॉकमध्ये आहे. वहिनींनी तो कपाटात, साड्यांच्या खाली ठेवला.

* * *

खरा घोळ शाळेत झाला. फॉर्मवर गावंडेनं स्वतःच्या हातानं इंग्रजीत नाव लिहिलं. आता तुम्हीच सांगा, जो माणूस दिवसातून दोनशेदा अँगल लिहितो, त्याचा हात काय लिहील? शेवटची दोन अक्षरं उलटी पडली. एंजलचा अँगल झाला. शाळेच्या बाबूनं विचारलं, “पिताजी प्लांट में हैं?” गावंडे म्हणाला, हो. “तभी!” बाबू म्हणाला आणि शिक्का मारला.

मग काय विचारता! हजेरी निघाली, अँगल गावंडे. पोरं विचारायची, तेरा भाई चॅनल किस क्लास में है? जंग लगा क्या रे, आज आया नहीं? बाई गणिताच्या तासाला म्हणायच्या, अँगल, खड़े होकर अँगल की परिभाषा बताओ. दुसऱ्या खेपेला गावंडेला मुलगी झाली, तेव्हा सेक्शनातून कोणीतरी ओरडलं, “आता चॅनल ठेव रे!”

ते मीच ओरडलो होतो. खोटं कशाला बोलू?

एक दिवस वहिनींनी मला त्यांच्या फाटकापाशी अडवलं. आमचं क्वार्टर शेजारीच.

“भाऊजी, तुमाले हासू येते. माह्या लेकराले गल्लीत लोखंड म्हणून राहिले लोकं. काल रडत आला. म्हणे, आई, मी शाळेत जात नाही. तुमच्या दोस्ताले सांगा, दहावीच्या आत हे नाव बदलून द्या. दहावीच्या सर्टिफिकेटवर एकदा चढलं, की जलमभर चिकटते. दुसरं काही मागत नाही मी.”

डोळ्यात पाणी होतं त्यांच्या. मला फार लाज वाटली. त्या दिवसानंतर मी त्या पोराला पिंटूच म्हटलं.

* * *

गावंडे करतो-करतो म्हणत राहिला आणि पोरगा दहावीत गेला. बोर्डाचा फॉर्म भरायला महिना उरला, तेव्हा स्वारी दुर्गच्या जिल्हा कचेरीत निघाली, शपथपत्र करायला. मी सोबत. म्हटलं, प्रशांत लिही, अनिल लिही, काहीही लिही. पण तो ऐकतो का? “नाव तेच राहीन. फक्त आता शुद्ध लिहीन.”

कचेरीबाहेर झाडाखाली एक टायपिस्ट बसायचा, यूपीतल्या बलियाकडचा. गावंडेनं ऑफिसच्या सवयीनं चिठ्ठीवर आडनाव आधी लिहून दिलं: गावंडे आंखेल मनोहर. टायपिस्ट बुचकळ्यात पडला.

“तीन-तीन नाम हैं भाईसाब. लड़का कौन, बाप कौन?”

गावंडेला राग आला. “इतने साल से यहाँ बैठे हो, और मालूम नहीं? मराठी आदमी का बीच वाला नाम बाप का होता है!”

“बीच वाला बाप का. पक्का?”

“पक्का!”

टायपिस्टनं बोटं चालवली. आणि गावंडे त्याच्या कानाशी उभा राहून समजावत बसला, की आंखेल हा शब्द मूळचा ग्रीक, अर्थ दूत, अन् मात्रा नीट द्या, आं-खे-ल. मात्रा त्यानं तीनदा तपासली. बाकी काही वाचलं नाही. सही केली, शिक्का घेतला, शाळेत नेऊन दिलं. शाळेनं रजिस्टर दुरुस्त केलं आणि कागद आमच्या हाती दिला.

विद्यार्थी: मनोहर गावंडे. पिता: आंखेल गावंडे!

मी रस्त्यात खाली बसून हसलो. गावंडेनं कागद उलटसुलट करून पाहिला. मग म्हणाला, “आता मी कोन?”

घरी वहिनींनी कागद वाचला. पुन्हा वाचला. चेहरा असा फुलला, की काय सांगू! “असू द्या. चांगलं नाव आहे. कोनी हासनार नाही आता.” पोरगाही खूश. फक्त गावंडे भडकलेला. “असू द्या कसं? माह्यं नाव पोट्ट्याले, अन् पोट्ट्याचं मले?” आणि दुसऱ्या दिवशी रजा टाकून, पिशवी घेऊन, मध्य प्रदेश बोर्डाच्या ऑफिसात दुरुस्तीसाठी भोपाळला!

* * *

तो भोपाळला आणि इकडे फॉर्मची शेवटची तारीख. त्यात पोराला कांजिण्या निघालेल्या. अंगभर फोड, दाराबाहेर पाऊल टाकायची सोय नाही. शाळेचा निरोप आला, पालकानं स्वतः येऊन नावं पडताळून जावं, चार वाजता खिडकी बंद. नाहीतर पोराचं वर्ष गेलं.

मी वहिनींना स्कूटरवर बसवून शाळेत नेलं. खिडकीसमोर रांग. आमचा नंबर आला तेव्हा चारला दहा मिनिटं होती.

“लड़के का नाम बोलिए,” खिडकीतला बाबू म्हणाला. समोर रजिस्टर उघडं.

वहिनी गप्प.

“नाम, नाम!”

मला वाटलं, घाबरल्या असतील. हळूच म्हटलं, “वहिनी, सांगा ना.” त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, की माझ्या डोक्यात एकदम लख्ख उजेड पडला. लग्नाला अठरा वर्षं झालेली. हळदीकुंकवाच्या उखाण्यात काय घेतलं असेल तेवढंच, एरवी वहिनींनी नवऱ्याचं नाव कधी तोंडातून काढलं नव्हतं. अहो, नाहीतर पिंटूचे बाबा. त्यांच्या आईनं सांगितलं होतं, नाव घेतलं की नवऱ्याचं आयुष्य कमी होते. आणि आता पोराचं नाव तेच!

“पिंटू,” त्या कशाबशा म्हणाल्या.

“घर का नाम नहीं चलेगा. असली नाम.”

मी पुढे झालो. “बाबूजी, मैं बताता हूँ, मनो...”

“आप पालक हैं? नहीं ना? चुप रहिए. माँ बोलेगी.”

वहिनींनी कागदावर बोट ठेवलं. “हेच. हे लिहिलं आहे ना, हेच.”

“मुँह से बोलना पड़ेगा मॅडम. पढ़ के तो कोई भी दिखा देगा.” मागून कोणी ओरडलं, चार बजने वाले हैं! बाबूनं पेन खाली ठेवलं. “कमाल है. माँ को बेटे का नाम नहीं मालूम! बच्चा आप ही का है ना?”

रांग हसली. वहिनींचे कान लाल झाले. त्यांच्या ओठांवर ‘म’ येऊन थांबला, मी पाहिला. मग त्यांनी तोंड घट्ट मिटलं. डोळे भरून आले होते, पण रडण्यापेक्षा राग जास्त होता. मला वाटलं, गेलं पोराचं वर्ष.

बाबूनं घड्याळाकडे पाहिलं, उसासा टाकला. “अच्छा छोड़िए. पिता का नाम बोलिए. वही मिला लेंगे.”

वहिनींनी डोळे पुसले, पदर खांद्यावरून ओढून घेतला, खिडकीच्या गजाला धरलं आणि पार ग्राउंडवरच्या पोरांनी वळून पाहावं इतक्या खणखणीत आवाजात म्हणाल्या,

“आंखेल!”