खिरणीच्या खांबाला पाणी

कापसाला सोन्याचा भाव आला तेव्हा मी अकोल्यात कापसाच्या गाठी बांधायच्या आवारात कामाला होतो. तिथल्या कापूस दाबायच्या लाकडी यंत्राला खिरणीचा नवा खांब बसवला, आणि दुसऱ्या दिवसापासून एक म्हातारी माळीण भाजी विकून परतताना त्याच्या बुडाशी तांब्याभर पाणी ओतू लागली. मला राहवेना.

"माय, खांबाले कोनी पानी घालते काय?"

"आमच्या वावरातली खिरनी हाय हे. पोरानं कापूस पेरासाठी तोडली. पिवळ्याजर्द खिरन्या लागे. पानं तं तेल लावल्यावानी चमके."

"पन आता लाकूड झालं ना!"

"मले समजते, बापू. हाताले कोन सांगन?"

खांबाला पालवी फुटत नाही, हे मलाही समजत होतं. तरी रोज सकाळी तो खांब वरपासून खालपर्यंत बघितल्याशिवाय मी कामाला हात लावत नसे.