रिलीव्हर येईपर्यंत

किस्से कोणी ठरवून जमवत नाही. पार्सल ऑफिसात बेवारस ट्रंका साचतात, तसे ते साचतात. कुठून आले, मालक कोण, काही पत्ता नाही! आमच्या झाशीच्या रेल्वे नाटक मंडळींत तर माझ्यावर गुदरलेले किस्से दुसरेच सांगतात आणि दुसऱ्यांचे मी.

इतकी वर्षं रंगमंच, एक सिनेमा, एक दिग्दर्शन एवढं करून मी नट झालो की नाही, हाही घोळ सुटलेला नाही. अप्पांना विचारावं तर ते उलट विचारत, “भय्या, नोकरी करतोस की नाटक?”

अप्पा म्हणजे माझे वडील, मालगाडीचे गार्ड. मी पार्सल क्लर्क. त्यांनी माझं एकही नाटक पाहिलं नव्हतं. त्यांनी एकदा तरी “बरं केलंस” म्हणावं, एवढीच माझी इच्छा. खोटं कशाला बोलू?

* * *

आमचे निम्मे नट इंजिनावर, निम्मे गाडीवर. कोण कधी ड्यूटीवर जाईल, नेम नाही. म्हणून प्रत्येक भूमिकेला दोन माणसं, एक गेला की दुसरा रिलीव्हर!

एकदा पहिल्या अंकात राजा होते तिवारीजी, वजनदार ड्रायव्हर. मध्यंतरात त्यांना बोलावणं आलं. दुसऱ्या अंकात राजा झाला रघुवीर फायरमन, नुसती काठी. सभागृह चक्रावलं. मागून आवाज आला, “अरे, जे तो एकई अंक में सूख गए!”

* * *

माझी पहिली भूमिका पहारेकऱ्याची. दिग्दर्शक म्हणाले, “दूसरा पहरेदार आने तक हिलना नहीं.” मला हे सांगायलाच नको! रेल्वेत रिलीव्हर आल्याशिवाय जागा सोडायची नाही, हे आमच्या रक्तातच.

दुसरा पहारेकरी आलाच नाही. दरबार संपला, मी उभा. राणीचा महाल लागला, मी उभा. जंगल लागलं, तरी मी उभा! विंगेतून दिग्दर्शक हात जोडत होते.

नाटक संपल्यावर स्पर्धेच्या परीक्षकांनी माझी पाठ थोपटली. “हर जगह राजसत्ता की नज़र! क्या कल्पना है!” अभिनयाचं बक्षीस मला मिळालं. मी अभिनय कधी केला, ते मला ठाऊक नाही.

* * *

मग झाशीजवळच्या बबीन्याकडे एक सिनेमा कंपनी आली आणि मला गार्डची भूमिका मिळाली. अप्पांचाच पोशाख! मी झेंडी कशी फिरवायची याची तालीम करत होतो, तेवढ्यात शूटिंगसाठी आणलेली गाडी सुटली. हीरो चहा पीत प्लॅटफॉर्मवरच! कप टाकून तो जीव खाऊन पळाला. डायरेक्टर ओरडले, “वाह! कैमरा चालू था?” नव्हता.

ड्रायव्हरला विचारलं तर तो म्हणाला, “हरी झंडी दिखी, हम चल दिए. आप असली हैं कि नकली, हमें कौन बताएगा?”

सिनेमा लागला, तेव्हा घरची सगळी गेली, अप्पा सोडून. पडद्यावर माझा फक्त हात होता! आई म्हणाली, “तुझाच रे. घड्याळावरून ओळखला.” अप्पांनी एवढंच विचारलं, “झेंडी कोणत्या हातात होती?”

* * *

दिग्दर्शन माझ्याकडे आलं, कारण त्या महिन्यात बाकी सगळ्यांच्या ड्यूट्या अडनिड्या होत्या. नाटक होतं एका म्हाताऱ्या बापाचं. पहिले दोन अंक बाप मी, तिसऱ्यात रघुवीर. घरी मी मोठमोठ्याने पाठांतर करायचो. पलीकडच्या खोलीत रात्रपाळीहून आलेले अप्पा डोळ्यांवर पंचा टाकून झोपलेले असत.

प्रयोग रविवारी दुपारी. चारला माझी ड्यूटी. उशिराबद्दल दोन मेमो आधीच मिळालेले, तिसरा मिळाला की बदली, असं साहेबांनी बजावलेलं. दुसरा अंक संपला तेव्हा पावणेचार झाले होते. रघुवीरची मालगाडी कुठेतरी सिग्नलला अडकलेली. पडदा पडलेला, हॉल भरलेला, आणि मी शाल पांघरून मधोमध उभा. थांबावं तर झाशी सुटणार, निघावं तर नाटक बुडणार. मला रडू फुटायचंच बाकी होतं.

तेवढ्यात विंगेत अप्पा आले. आईने माझा डबा पाठवला होता. त्यांनी घड्याळ पाहिलं, माझ्या खांद्यावरची शाल काढली, आपल्या खांद्यावर घेतली आणि डबा माझ्या हातात दिला.

“नीघ.”

“अप्पा, पण रिलीव्हर—”

“मग मी कोण आहे?”

मी पळालो. चारला हजेरी लावली.

सहाच्या सुमाराला रघुवीर धावत ऑफिसात आला. शेवटची दहा मिनिटं त्याला विंगेतून बघायला मिळाली होती. “भैया, चाचाजी को सब याद था! लोग रो रहे थे!”

नाटकाची वही एकच, आणि ती घरी माझ्या कपाटात.

दुसऱ्या दिवशी सकाळी अप्पा बशीतून चहा पीत होते. मी समोर बसलो. “अप्पा, तुम्हाला पाठ कसं?”

त्यांनी बशी खाली ठेवली.

“वहीत दुसऱ्या अंकातलं एक वाक्य आहे, ते तू दर वेळी गाळतोस,” म्हणाले, आणि डोळ्यांवर पंचा टाकून झोपले.