सडकवाल्या काकूंचं राहिलेलं घर

सडकवाल्या काकूंनी आम्हाला कधी नुसता पदार्थ वाढला नाही. ताटलीत काही पडलं की त्याच्यामागोमाग एका बाईचं नाव पडायचंच. "हा फुलमतबाईचा फरा, रायपूरचा." "हा चिंचेचा भात रामलक्ष्मीअम्माचा, सिरोंच्याचा." एकदा त्यांची जिलेबी पार फिसकटली, कढईत तिचा नुसता गोळा झाला, तेव्हा त्या म्हणाल्या, "ही कुणाचीच नाही. ज्यांनी शिकवली त्यांची अब्रू घालवू नये. गुपचूप खा." आम्ही गुपचूप खाल्ली. मला तर ती चांगल्या जिलेबीपेक्षा जास्त आवडली होती.

त्यांचे यजमान सडकेचे ओव्हरसिअर. मेहकरकडून आमच्या डोणगावला येणाऱ्या सडकेवर एका पुलाचं काम निघालं होतं, त्यासाठी ते आले आणि आमच्या घराशेजारच्या दोन खोल्यांत बिऱ्हाड केलं. काकूंचं खरं नाव कुणी विचारलं नाही. सडकेच्या कामामुळे आल्या म्हणून आम्हा पोरांनी त्यांना सडकवाल्या काकू करून टाकलं. वऱ्हाड तेव्हा मध्य प्रांताला जोडलेलं होतं. त्यामुळे सरकारी नोकरीतल्या माणसाची बदली आज जबलपूरला तर उद्या चांद्याला, कुठेही व्हायची. बाकीच्या बायका बदली म्हटलं की डोळ्यांना पदर लावायच्या. काकू मात्र नव्या गावात उतरल्या की पहिली चौकशी करायच्या, "इथे चांगलं कोण रांधतं?"

सामान म्हणाल तर दोन ट्रंका, एक पलंग आणि डबेच डबे. माझी आई त्या डब्यांकडे बघतच राहिली. "इतक्या डब्यांत काय हाय हो?" तिने विचारलं. काकू हसून म्हणाल्या, "माझ्या मैत्रिणी आहेत." आईला वाटलं, बाई जराशा चक्रम असाव्यात. आठच दिवसांत त्याच डब्यांतलं काहीबाही मागायला आई मला त्यांच्याकडे पिटाळू लागली.

दर शनिवारी सकाळची शाळा सुटली की आम्ही काकूंच्या ओट्यावर ओळीने बसायचो. मी, माझा धाकटा भाऊ, गल्लीतली पाचसात पोरं आणि शिलाईवाल्या खैरूनबीची जुबेदा. जुबेदा माझ्या वर्गात होती, पण तिच्या शेजारी मांडीला मांडी लावून मी जेवले ती पहिल्यांदा त्या ओट्यावर. काकूंनी आम्हाला बसवलं तेच वयाप्रमाणे, लहान पुढे आणि मोठी मागे. कोण कुणाच्या शेजारी आलं याचा विचार आमच्या आया घरी करत बसल्या. तोवर आमचं खाऊन झालेलं असायचं.

ओट्याचा नियम एकच होता. पहिला घास पोटात गेल्याशिवाय तोंड वाकडं करायचं नाही. पहिल्या घासानंतर हवं तितकं करा, काकू रागवत नसत. माझ्या भावाने चिंचेचा भात तोंडात घालून असा काही चेहरा केला की काकूच पोट धरून हसल्या. "पहिल्यांदा मीही असंच केलं होतं रे," म्हणाल्या, "रामलक्ष्मीअम्मा तीन दिवस बोलली नाही माझ्याशी." चौथ्या शनिवारी त्याच भावाने तो भात दोनदा मागून घेतला.

फरा म्हणजे तांदळाच्या पिठाचे लांबट, वाफवलेले मुटके. आमच्याकडे भात सणासुदीचा, बाकी वर्षभर ज्वारी. काकूंना चिंचेच्या भाताला मूठमूठ तांदूळ परवडायचा, पण गल्लीभर पोरांना पोटभर फऱ्यांपुरता आणायचा कुठून? त्यांनी ज्वारीच्या पिठाचेच फरे केले. ते वाफेत फुटून त्यांची पेज झाली. काकू पातेल्यापुढे उभ्या राहिल्या, पूर्वेकडे तोंड करून हात जोडले आणि म्हणाल्या, "फुलमतबाई, माफ कर गं माय." मग त्या पेजेवर लसणाची फोडणी ओतून ती आम्हाला वाढली. पुढे आईने त्यांना पीठ आधी उकळत्या पाण्यात उकडून घ्यायला शिकवलं आणि फरे जमले. त्या दिवसापासून काकू त्यांना "फुलमतबाईचे आणि सुशीच्या आईचे" म्हणू लागल्या. सुशी म्हणजे मी. आई दिवसभर कामात गुणगुणत होती, हे मला अजून आठवतं.

गल्लीतल्या प्रत्येक घरी काकूंचं पितळी झाकणाचं भांडं जाऊन आलेलं होतं, आणि रिकामं ते कुठूनच परत आलं नव्हतं. खैरूनबीकडून ईदेच्या शेवया आल्या तेव्हा आई दाराआडून बघत होती. काकूंनी तिच्या डोळ्यांदेखत वाटी भरून खाल्ल्या. "इसमें क्या है? दूध, साखर, शेवया. तुमच्या घरी हेच नसतं का?" आईने त्या दिवशी खाल्ल्या नाहीत. पुढच्या ईदेला जुबेदा डबा घेऊन आमच्याच घरी आली, तेव्हा आईने तो घेतला. वडील म्हणाले, "झाला बाटवाबाटवीचा कार्यक्रम?" आणि दोन वाट्या तेच खाऊन गेले.

राहिलं एकच घर. समोरच्या आत्याचं.

ती वडिलांची चुलतबहीण. फार लहानपणी माहेरी परत आलेली, तेव्हापासून समोरच्या घरात एकटी राहायची आणि साऱ्या गावाची आत्या होती. पंचक्रोशीत लग्न निघालं की येसर आत्याकडून यायचं. येसर म्हणजे गहू, डाळ, धने, खोबरं आणि मसाले भाजून केलेलं पीठ. ते उकळत्या पाण्यात कालवलं की शंभर पानांची आमटी तयार. प्रमाण तिने कुणालाच सांगितलेलं नव्हतं, माझ्या आईलासुद्धा नाही. अशी बाई काकूंच्या हातचं खाईल ही आशाच नको. काकू आमच्यातल्याच, जातीचा प्रश्न नव्हता. पण आत्याचं म्हणणं सरळ होतं. "बारा गावचं, बारा घरचं खाल्लेली बाई हाय ते. तिच्या हातचं मले नोको."

काकूंना हे लागलं. एरवी कशालाही हसणारी ही बाई, पण त्या एका दाराशी त्यांचा आवाज उतरायचा. त्या आईला म्हणाल्या होत्या, "नऊ गावं झाली माझी. ज्या गल्लीत राहिले तिथलं एकही घर न जेवू घालता मी गाव सोडलेलं नाही. इथेच अडलंय."

मग त्यांना युक्ती सुचली. आत्याच्या एकादश्या कडक. काकूंनी ठरवलं, उपासाचाच पदार्थ धाडायचा. पहाटे न्हाऊन, ओलेत्याने, कुणाला शिवू न देता त्यांनी शिंगाड्याच्या पिठाची कढी केली. जबलपूरला उपासाला ती सर्रास करतात; काकूंना ती पंडिताइनने, म्हणजे तिथल्या पंडितजींच्या बायकोने, शिकवली होती. आपल्याकडे शिंगाड्याचा शिरा माहीत, कढी नाही. त्यांनी भांडं माझ्या हातात दिलं आणि तीनतीनदा घोकून घेतलं, "काय सांगशील?" "जबलपूरच्या पंडिताइनची, शिंगाड्याची, उपासाची."

आत्या दारातच उभी होती, कपाळाला आठ्या घालून. घोकलेलं सगळं डोक्यातून उडालं. मी भांडं उंबऱ्यावर ठेवलं आणि धूम ठोकली.

पाठीमागून आवाज आला तो सारी गल्ली गोळा करणारा. "एकादशीले कढी! बेसन चारून राह्यली मले! माह्या उपास मोडाले बसली हे बाई!" कढी पांढरी होती, तिच्यात ना हळद ना बेसन. पण आत्याने ती नीट पाहिली कुठे? झाकण उचललं, जिऱ्याच्या फोडणीचा वास आला, तेवढं तिला पुरलं. भांडं तिने तसंच सडकेवर आणून ठेवलं. काकू बाहेर आल्या. त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि माझ्या तोंडावरूनच सारं ओळखलं. पण मला एका शब्दाने बोलल्या नाहीत. आत्यापुढे मान खाली घालून म्हणाल्या, "चूक माझी. मी स्वतः येऊन सांगायला हवं होतं." भांडं उचललं आणि घरात गेल्या. त्या शनिवारी ओटा रिकामा राहिला.

मी दोन दिवस जेवले नाही धड. तिसऱ्या दिवशी आत्याकडे जाऊन रडत रडत सगळं ओकून टाकलं. आत्या सूप पाखडत होती. ऐकून तिचा हात थांबला. "शिंगाड्याची? मंग सांगतलं काऊन नाही वं?"

"तुमाले भेली मी."

आत्याने सूप खाली ठेवलं. मग म्हणाली, "शिंगाड्याची कढी होते तरी कशी?"

पुढच्या एकादशीला काकू वाण्याकडून अख्खे वाळके शिंगाडे घेऊन आत्याच्या उंबऱ्याबाहेर येऊन बसल्या. आत पाऊल टाकलं नाही. आत्याने आपल्या जात्यावर शिंगाडे दळले, आपलं ताक घेतलं, आपल्या चुलीवर पातेलं ठेवलं, आणि काकू बाहेरून सांगत राहिल्या. "आता आच कमी. ढवळत राहा. थांबलात की गाठी." "मले ढवळनं नोको शिकवू तुमी," आत्या आतून म्हणायची आणि ढवळायची. काकूंनी मध्येच विचारलं, "आत्याबाई, तुमचं नाव काय हो?"

"मले काय करतं नावाले? आत्या म्हनते सारे."

"पण नाव असेल ना काही?"

आत्याने ऐकलं न ऐकलंसं केलं. कढी झाली. आत्याने भगरीवर वाढून घेतली, खाल्ली, आणि मान न उचलता म्हणाली, "बरी हाय." तिच्या तोंडून हे म्हणजे शालजोडीच मिळाली. मी नाचत बाहेर आले. काकूही खूश होत्या, पण घरी जाता जाता मला म्हणाल्या, "हात तर त्यांचाच होता ना, सुशे. माझं घर अजून बाकीच आहे."

तेवढ्यात पूल पुरा झाला आणि बदलीचा हुकूम आला, मंडल्याला. आठ दिवसांत डबे परत ट्रंकांशेजारी रचले गेले. सकाळच्या मोटारीजवळ सगळी गल्ली लोटली. खैरूनबीने त्यांच्या अंगच्या मापाची चोळी शिवून आणली. आम्ही पोरं ओठ काढून उभी होतो. ड्रायव्हर भोंगा वाजवत होता, इतक्यात समोरून आत्या आली, काखेत डबा घेऊन.

"थांब बे!" ती ड्रायव्हरवर खेकसली. तो थांबला. आत्याने डबा काकूंच्या हातात दिला, म्हणाली, "येसर हाय. आता मूठ कर." काकूंना कळेना. आत्याने त्यांचा हात धरून मूठ वळली, आपली मूठ शेजारी धरून पाहिली. "माह्या पाच मुठी गहू घेतो मी. तुही मूठ लहान हाय, तू सात घेजो." मग तिने त्यांच्या कानाशी लागून डाळ, धने, खोबरं, सगळं मुठींच्या हिशेबात सांगितलं. माझी आई कान टवकारून होती, पण तिला एक अक्षर ऐकू आलं नाही. ती हळहळ ती जन्मभर बोलून दाखवायची.

"शिदोरीत काय घेतलं?" आत्याने विचारलं.

"तिखटमिठाच्या पुऱ्या."

"कोनाच्या?"

काकूंनी शिदोरी सोडली. मग म्हणाल्या, "माझ्या आईच्या. वर्ध्याच्या."

आत्याने हात पुढे केला. घराबाहेर पाण्याचा थेंब न घेणारी माझी आत्या, भर सडकेवर, मोटारीच्या धुळीत, साऱ्या गल्लीसमोर उभी राहून काकूंच्या हातची अख्खी पुरी खाऊन गेली. "मीठ जरासं कमी हाय," म्हणाली. काकू हसत होत्या आणि त्यांच्या डोळ्यांतून घळघळ पाणी वाहत होतं. मीही रडले, पण आनंदाने रडण्याची ती माझी पहिलीच वेळ.

काकू मोटारीत चढल्या. आत्या खिडकीशी गेली आणि हळू आवाजात म्हणाली, "तिकडे सांगशीन तं नुसतं आत्या नोको म्हनू. गोदावरी म्हनजो." मी शेजारीच उभी होते. माझ्या सख्ख्या आत्यासारख्या आत्याला नाव आहे, हे मला तेव्हा कळलं. लाज वाटली.

तीन महिन्यांनी मंडल्याहून आत्याच्या नावे कार्ड आलं. आत्याला अक्षरओळख नव्हती, म्हणून ते वाचायला मला बोलावलं. ख्यालीखुशाली झाली, पावसापाण्याचं झालं, आणि शेवटी काकूंनी लिहिलं होतं की इथल्या बायकांना गोदावरीबाईंचं येसर फार आवडलं, आता चार घरांत होतं.

आत्या तांदूळ निवडत होती. वर न बघता म्हणाली, "कोनाचं म्हने?"

"गोदावरीबाईंचं."

"मले बराबर ऐकू नाही आलं," आत्या म्हणाली. तिचे कान शेवटपर्यंत उत्तम होते. "पुन्हा वाच."

मी पुन्हा वाचलं.